तुणाचा तानपुरा: मिरजेहून करवून घेतलेल्या वाद्याचा चौदा महिन्यांचा अनुभव

तानपुरा विकत घ्यायला गेलेला माणूस प्रथम भोपळ्याचा घेर पाहतो, मग दांडीवरची नक्षी न्याहाळतो आणि शेवटी तारा छेडून जवारी, म्हणजे घोडीवर (तारा टेकतात त्या पट्टीवर) घासून साधलेला तारांचा गुंजारव, कशी बोलते ते ऐकतो. लाकूड कोणते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही आणि विचारलाच तर ‘चांगले आहे’ एवढ्या उत्तरावर समाधान मानले जाते. मीही पहिला तानपुरा असाच घेतला होता. दुसरा घेताना मात्र लाकडापासून सुरुवात करायची असे ठरवले आणि मिरजेच्या सतारमेकर गल्लीतील एका कारखान्यात तुणाच्या लाकडाचा, चार तारांचा, काळी चार पट्टीचा (हार्मोनियमच्या चौथ्या काळ्या पट्टीला षड्ज धरणारा) तानपुरा करवून घेतला. त्याला गवसणीसह 27,000 रुपये पडले. गेल्या वर्षी एप्रिलमध्ये तो घरी आला. चिपळूणचा एक संपूर्ण पावसाळा त्याने काढला असून दुसरा आता तोंडावर आहे, तेव्हा त्याच्याविषयी लिहिण्याइतका सहवास झाला आहे असे मला वाटते.

घरातला जुना तानपुरा सागाच्या दांडीचा आहे. साग हे दारे-खिडक्यांसाठी उत्तम लाकूड आहे याबद्दल दुमत नाही आणि सागाचे तानपुरे करणारेही पुष्कळ आहेत. पण माझे ते वाद्य पहिल्यापासून जड होते आणि त्याचा आवाज तारांपाशीच राहतो, भोपळ्यात उतरून गायकाच्या कानाशी भरून येत नाही, अशी माझी तक्रार होती. घरच्या वजनकाट्यावर ठेवले तेव्हा जुना तानपुरा जवळजवळ 5 किलो भरला आणि नवा साडेतीन. भोपळ्यांच्या आकारात थोडा फरक आहे, हे मान्य करूनही या तफावतीचा मोठा वाटा लाकडाकडे जातो. वाळलेल्या सागाचे वजन एका घनमीटरला 650 किलोच्या आसपास असते, तर तुणाचे साधारण 450 ते 550 किलो. शिसवी तर 800 किलोच्या पुढे जाते. म्हणूनच ती खुंट्यांसाठी योग्य असली तरी तबलीसाठी, म्हणजे भोपळ्याच्या तोंडावर बसणाऱ्या लाकडी झाकणासाठी, कोणी वापरत नाही.

तून हा निंबाच्या कुळातला, म्हणजे महोगनीचाही नातलग असलेला, डोंगराळ जंगलांतला उंच वृक्ष आहे. हिमालयाच्या पायथ्यापासून ईशान्येकडील डोंगरांपर्यंत, आपल्या सह्याद्रीत आणि त्याच्या दक्षिणेकडील रांगांत, पुढे म्यानमार, इंडोनेशिया ओलांडून थेट ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यापर्यंत तो पसरलेला आहे. ओढ्याकाठची ओलसर, निचऱ्याची जमीन त्याला मानवते. हिवाळ्यात पाने गळतात, वसंताच्या सुमारास मधासारख्या वासाच्या बारीक पांढरट फुलांचे घोस लोंबतात, नंतर बोंडे पाच पाकळ्यांनी उकलतात आणि पंख असलेल्या बिया वाऱ्यावर जातात. त्या फुलांपासून पूर्वी पिवळा रंग काढून कापड रंगवीत असत. संस्कृत निघंटूंत त्याला तूणी आणि तुन्नक म्हटले आहे, मराठीत तुणी आणि कुरक अशी नावे आहेत; आणि वनस्पतिशास्त्रज्ञांनी या वृक्षाच्या प्रजातीला दिलेले ‘टूना’ हे नावही आपल्याकडच्या बोलीतूनच उचललेले आहे. 1846 साली जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ रोमर यांनी हे नाव प्रस्थापित केले, त्याआधी रॉक्सबर्ग यांनी त्याला अमेरिकेतल्या सेड्रेला या भावंडाबरोबर बसवले होते.

नावाचा हा तपशील सांगण्याचे कारण असे की बाजारात याच लाकडाला ‘लाल देवदार’ म्हणतात आणि त्यावरून गिऱ्हाइकाची दिशाभूल होते. हिमालयातला देवदार हा सूचिपर्णी वृक्ष आहे, त्याचे लाकूड पिवळसर, तेलकट आणि वेगळ्याच वासाचे असते. तुणाशी त्याचे काहीही नाते नाही. इंग्रजांनी या लाकडाच्या वासावरून आणि लालसर रंगावरून त्याला सीडर म्हटले आणि त्याचे भाषांतर होऊन आपल्याकडे देवदार परत आला. मी विचारपूस केलेल्या तीन दुकानांपैकी दोन ठिकाणी मला ‘हिमालयातलं देवदार आहे’ असेच सांगण्यात आले. सांगणाऱ्यांच्या मनात फसवणूक असेल असे मला वाटत नाही, पण आपण काय विकतो याची नेमकी माहिती त्यांना असायला हवी होती. तिसऱ्या ठिकाणी मात्र काम करीत असलेल्या वृद्ध कारागिरांनी, ज्यांना सगळे चाचा म्हणतात, मान वर न करता ‘तून आहे, ताई’ एवढेच सांगितले. वाद्य तिथेच करवून घ्यायचे हे मी त्या क्षणी ठरवले.

त्यांच्याकडच्या फळ्या दक्षिणेकडील घाटमाथ्यावरच्या कॉफीच्या मळ्यांतून आलेल्या होत्या. मळेवाले सावलीसाठी जी देशी झाडे राखतात त्यांत तून असतो आणि या गोष्टीचा वाद्याशी अगदी जवळचा संबंध आहे. उघड्या माळावर तुणाची दाट लागवड केली की एका पतंगाच्या अळ्या त्याच्या शेंड्याच्या कोंबात शिरतात, शेंडा मरतो आणि बाजूने दोन-तीन धुमारे फुटून झाडाला फाटे पडतात. असे झाड वाढते खरे, परंतु त्याच्या खोडातून साडेतीन-चार फूट सरळ रेषा असलेली फळी निघणे कठीण. ऑस्ट्रेलियात एकोणिसाव्या शतकात या वृक्षाला ‘लाल सोने’ म्हणत किनाऱ्यालगतची जंगले पिंजून काढली गेली आणि पुढे त्याची लागवड करण्याचे प्रयत्न मुख्यतः या अळीमुळेच फसत राहिले. इतर झाडांच्या गर्दीत, अर्धवट सावलीत वाढणारे तून या किडीपासून पुष्कळ अंशी वाचते आणि उजेडाच्या ओढीने सरळ वर जाते. तानपुऱ्याच्या दांडीला लागते ते हेच लाकूड.

फळी निवडण्याचे काम चाचांनी मलाही करू दिले, याचे श्रेय त्यांना द्यायला हवे. कारखान्याच्या मागे पत्र्याच्या शेडमध्ये फळ्या पट्ट्यांचे अंतर ठेवून रचलेल्या होत्या आणि प्रत्येकीच्या टोकाला खडूने महिना व वर्ष लिहिलेले होते. माझ्या दांडीची फळी तीन वर्षांपूर्वीची निघाली. त्यांनी ती एका हाताने मधोमध धरून दुसऱ्या हाताच्या बोटाच्या पेराने ठोकून दाखवली. जिथे आवाज बसका येई ती फळी बाजूला जाई, जिथे घंटेसारखी आस राही ती पुढे येई. तून हे उष्ण प्रदेशातल्या अशा मोजक्या झाडांपैकी आहे की ज्यांत दरवर्षीचे वलय स्पष्ट उमटते, कारण पानगळीनंतर नव्या वाढीला सुरुवात होताना मोठ्या छिद्रांची एक रांग तयार होते. जुन्या काळच्या पाऊसमानाचा अभ्यास करणारे शास्त्रज्ञ या वलयांचा उपयोग करतात. चाचा त्यांचा उपयोग फळी कोणत्या बाजूने चिरली आहे हे पाहण्यासाठी करतात. तबलीसाठी वलये पृष्ठभागाला उभी, एकमेकींना समांतर आणि फार विरळ नसलेली हवीत, दांडीसाठी त्या रेषा टोकापासून टोकापर्यंत न तुटता गेलेल्या हव्यात. मी उत्साहाने एका फळीवर अंगठा दाबून पाहिला तेव्हा ते म्हणाले, “ताई, नखानं दाबू नका हं, खूण राहते.” या वाक्याचा अर्थ मला पुढे घरी आल्यावर नीट कळला.

दांडी अखंड भरीव नसते, हे पुष्कळ गायकांनाही ठाऊक नसते. लाकूड आतून कोरून पन्हळीसारखे केले जाते आणि वरून त्याच लाकडाची सपाट पट्टी बसवून ते बंद केले जाते. भोपळा आणि दांडी यांना जोडणारा गुलू हा भागही तुणाचाच. भोपळे पंढरपूर-मंगळवेढा भागातून येतात, भीमेकाठच्या शेतकऱ्यांनी खास वाद्यांसाठी वाढवलेले, जाड सालीचे आणि चवीला कडू. ते कापून, भिजवून, आतून साफ करून, तोंडाला आकार देऊन पुन्हा वाळवतात आणि मग त्यावर तबली चढते. तबली किंचित फुगीर असते आणि ती किती पातळ करायची याचे माप कारागिराच्या हाताला असते, पट्टीवर नसते. घोडी मी उंटाच्या हाडाची घेतली. पूर्वी ती सांबरशिंगाची असे, पण 1972 च्या वन्यजीव कायद्यानंतर तो मार्ग बंद झाला आणि ते योग्यच झाले.

मिरजेत हा उद्योग एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला सुरू झाला. तलवारी आणि भाले घडवणाऱ्या शिकलगारांच्या हाताला काम उरले नाही, तेव्हा त्यांच्यातल्या फरीदसाहेबांनी वाद्यांची दुरुस्ती आणि पुढे वाद्यनिर्मिती हाती घेतली, पटवर्धन संस्थानिकांनी आश्रय दिला आणि पुढच्या पिढ्यांनी ‘सतारमेकर’ हेच आडनाव लावले. किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेबांचे वास्तव्य याच गावात होते. 1937 साली ते गेल्यानंतर त्यांच्या स्मरणार्थ मीरासाहेबांच्या दर्ग्यात दरवर्षी गाणे होते. 2024 साली मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला भौगोलिक मानांकन मिळाले आहे. गल्लीत त्याचे फलक बरेच दिसतात. मानांकन गावाच्या कौशल्याला आहे, प्रत्येक दुकानातल्या प्रत्येक लाकडाला नाही, एवढे लक्षात ठेवून फलक वाचावेत.

आता आवाजाविषयी. पहिले तीन महिने मी थोडी नाराज होते. तारा स्वच्छ बोलत होत्या, जोड (मधल्या दोन षड्जाच्या तारा) मिळाल्यावर गंधार स्पष्ट ऐकू येत होता, परंतु खर्जाची (सर्वांत खालच्या षड्जाची) तार छेडली की नाद लवकर संपल्यासारखा वाटे. जुन्या तानपुऱ्यात खर्ज रेंगाळतो, त्याची कानाला सवय झाली होती. चाचांना फोन केला तेव्हा त्यांनी जवारीला हात लावू नका, रोज तासभर वाजवत राहा, असे सांगितले. सल्ला अगदी पुस्तकी वाटला म्हणून मी तो अर्ध्या मनाने पाळला. गणपतीच्या सुमारास फरक जाणवू लागला आणि दिवाळीनंतर तो माझ्या विद्यार्थिनींनाही न सांगता कळला. हलक्या तबलीला तारेची हालचाल घ्यायला कमी जोर लागतो. त्यामुळे मंद छेडले तरी पूर्ण भोपळा बोलतो आणि षड्जाच्या आतले वरचे स्वर एकामागून एक उलगडताना ऐकू येतात. सागाच्या तानपुऱ्यात हेच स्वर असतात, पण ते एका गोळ्यात येतात. याचा एक तोटा म्हणजे छेडण्यातली असमानता हे वाद्य अजिबात लपवत नाही. माझ्याकडची नवशिकी मुले जुना तानपुरा बरा वाजवतात आणि या तानपुऱ्यावर मात्र पंचम ठोकल्यासारखा वाजवतात. शिकणाऱ्यासाठी हा दोष आहे की गुण, याचा निर्णय ज्याच्या त्याच्या गुरूने करावा.

खरी परीक्षा पावसाळ्याची होती. आमच्याकडे तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो आणि जुलैत कपाटातले कपडेसुद्धा दमट लागतात. जुन्या तानपुऱ्याची दांडी अशा दिवसांत किंचित पुढे झुकते आणि तारा दर अर्ध्या तासाला उतरतात. तुणाचे लाकूड वाळताना आणि ओल घेताना फारसे आकसत-फुगत नाही, असे त्याच्याबद्दल सांगितले जाते. मी जूनच्या सुरुवातीला मेरूपाशी (दांडीच्या वरच्या टोकाला तारा टेकतात त्या पट्टीपाशी) तारेची उंची कागदाच्या घड्या सरकवून मोजून ठेवली होती आणि सप्टेंबरअखेर तीच घडी तितकीच सैल सरकली. स्पेनमधले गिटार करणारे कारागीर मानेसाठी तुणाचेच अमेरिकी भावंड, म्हणजे सेड्रेला, वापरतात तेही याच कारणाने. तारा अर्थातच उतरत होत्या, पण तासाभराच्या शिकवणीत एकदा तारेत ओवलेले, स्वर बारीक मिळवण्याचे मणी सरकवून भागे. एक खुंटी मात्र जुलैभर घसरत राहिली. तो दोष शिसवीच्या खुंटीचा आणि तिच्या भोकाच्या घडणीचा होता, तुणाचा नव्हता. खडूची पूड लावून मी वेळ निभावली.

तक्रारी तीन आहेत आणि त्यांपैकी एक गंभीर आहे. पहिली, हे लाकूड मऊ आहे. गवसणीची चेन एकदा दांडीवर आपटली तेवढ्यानेही खळगा पडला. विद्यार्थिनीच्या बांगड्यांच्या खुणा तर गुलूवर कायमच्या आहेत. ज्यांना वाद्य लग्नाच्या हॉलमधून टेम्पोत आणि टेम्पोतून रेल्वेत न्यायचे असते त्यांनी कडक पेटी घेतल्याशिवाय तुणाच्या वाटेला जाऊ नये. दुसरी तक्रार रंगाची. तुणाचा स्वतःचा रंग विटकरी तांबूस असतो, हवा आणि उजेड लागत गेला की तो गडद होतो आणि त्यावर नुसते चपड्याचे पॉलिश पुरेसे असते. गिऱ्हाइकांना काळपट, शिसवीसारखे दिसणारे वाद्य आवडते म्हणून कारखान्यात सरसकट गडद रंग चढवतात आणि मी आधी बजावले नाही म्हणून माझ्याही वाद्यावर तो चढला. रेषा झाकल्या गेल्या, याचे मला अजून वाईट वाटते.

तिसरी तक्रार या रंगातूनच निघाली. दिवाळीनंतर एके दिवशी तानपुरा उचलला तेव्हा खाली टाचणीच्या टोकाएवढ्या ढिगात पिवळसर भुसा दिसला. गुलूच्या मागच्या बाजूला दोन बारीक भोके होती. तुणाच्या गाभ्याला वास असतो आणि किडे त्याच्या वाटेला सहसा जात नाहीत, पण सालीलगतचा फिकट भाग त्यांना आवडतो. आणि माझ्या गुलूच्या एका कडेला तसा बोटभर रुंदीचा फिकट पट्टा राहून गेला होता, जो गडद रंगाखाली मला दिसला नव्हता. चाचांनी तो पाहिला नसेल यावर माझा विश्वास नाही. लाकूड महाग आहे आणि बोटभर पट्ट्यासाठी तुकडा टाकून द्यायला जीव होत नाही, हे मी समजू शकते. मला ते घेण्यापूर्वी सांगायला हवे होते. वाद्य घेऊन मी मिरजेला गेले. त्यांनी कबुली दिली, भोकांत औषध भरून ते ठेवून घेतले, तो तुकडा काढून गाभ्याचा नवा बसवला आणि त्याचे पैसे घेतले नाहीत. येण्याजाण्याचा खर्च आणि तीन आठवड्यांची खोळंबलेली शिकवणी माझ्या वाट्याला आली. दुरुस्तीचा सांधा बोटाला लागत नाही, आवाजातही फरक नाही. उंदरांचा बंदोबस्त मात्र आपला आपणच करावा. भोपळ्यापुढे त्यांना तुणाशी काही देणेघेणे नसते.

किमतीचे म्हणाल तर त्याच गल्लीत 15-16 हजारांत तयार तानपुरे मिळतात आणि त्यांतले काही चांगलेही असतात. मी दिलेल्या जास्तीच्या पैशांत वाळलेले, निवडलेले लाकूड आणि दोन महिन्यांची वाट पाहणे आले. ज्यांचा रियाज फोनमधल्या तानपुऱ्यावर समाधानाने चालतो त्यांनी हा खर्च करण्याचे कारण नाही. ज्यांना करायचा आहे त्यांनी फळी रंग लावण्यापूर्वी पाहावी, तिच्या टोकावरची तारीख विचारावी, ओल्या कापडाने पुसून फिकट पट्टा कुठे आहे ते तपासावे आणि वास घ्यावा. ताज्या रंधलेल्या तुणाला एक गोडसर, मसाल्यासारखा गंध येतो, जो दुसऱ्या लाकडाला रंगवून आणता येत नाही. पर्यावरणाच्या दृष्टीनेही मला ही निवड शिसवीपेक्षा निश्चिंत वाटते. शिसवीचा आंतरराष्ट्रीय व्यापार 2017 पासून निर्बंधांखाली आहे, तुणावर तशी पाळी आलेली नाही आणि मळ्यांत सावलीसाठी वाढणारा तून तोडला तरी मळेवाला त्याच्या जागी दुसरा लावतो, कारण त्याची त्यालाही गरज असते.

माझ्या एका विद्यार्थिनीने मागच्या महिन्यात त्याच कारखान्यात आपला तानपुरा सांगितला आहे. आम्ही दोघींनी मिळून फळी निवडली, फिकट कडा चाचांनी आमच्यासमोर करवतीने काढून टाकली आणि रंग लावायचा नाही असे पावतीवर लिहून घेतले. फळी त्यांच्या मते आणखी एक पावसाळा शेडमध्ये राहायला हवी, म्हणून काम दसऱ्यानंतर सुरू होणार आहे. तिच्या टोकावर आता तारखेच्या खाली खडूने ‘चिपळूण’ असे लिहिलेले आहे.